चिरबोटीची नावं विचारणारा पिंजारी चाचा

पिंजारी चाचा दारात आला की आधी पाणी मागायचा नाही. खांद्यावरचं कापूस पिंजायचं लांबलचक पिंजण भिंतीला टेकवायचा, सदऱ्याच्या खिशातून कागदासारख्या वाळक्या टरफलातलं एक फळ काढायचा, तळहातावर ठेवून समोर धरायचा आणि विचारायचा, "याले तुमी काय मन्ता?" उत्तर मिळालं की मग पाणी, मग चहा, मग गाद्यांची बोलणी.

ते फळ वऱ्हाडात वाढलेल्या माणसाला दाखवायची गरज नाही. पावसाळ्यात कपाशीच्या ओळींत, बांधाच्या धुऱ्यावर, उकिरड्याच्या कडेला आपोआप उगवणारं झुडूप. आधी हिरव्या फुग्यासारखं टरफल, दिवाळीच्या सुमारास ते पिवळं पडून वाळतं, आणि आत मण्याएवढं, पिकलं की आंबटगोड लागणारं फळ. अकोल्यात आमच्या घरी त्याला पोपटी म्हणत. मला वाटायचं, सगळं जग पोपटीच म्हणतं.

चाचा पहिल्यांदा आमच्याकडे आला तो माझ्या मोठ्या बहिणीच्या लग्नाच्या गाद्या भरायला. मी तेव्हा कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकत होते आणि शिकतेय हे लोकांना कळावं अशी माझी फार इच्छा असे. त्यानं फळ पुढे केल्यावर मी ऐटीत त्याचं शास्त्रीय नाव सांगितलं. त्यानं ते दोनदा म्हणून पाहिलं आणि विचारलं, "हे कोनत्या गावचं?"

"कुठल्याच गावचं नाही, चाचा. सगळ्या जगात हेच नाव."

"असं? मंग या नावानं कोनी कोनाले फळ देल्लं का कधी?"

आई आत पोहे परतत होती. ती हसल्याचं मला बाहेर ऐकू आलं. मी मुकाट्यानं "पोपटी" म्हणाले. चाचानं मान डोलावली आणि अंगणात कापसाचा ढीग घेऊन बसला. पिंजणाच्या तारेचा टुंग-टुंग आवाज दुपारभर चालला. त्याच्या भुवया, दाढी, डोक्यावरची टोपी सगळं कापसाच्या धुळीनं पांढरं झालं होतं, आणि त्या पांढऱ्यातून तो बोलत होता.

दिवाळी झाली की तो अकोल्याहून निघायचा. दर्यापूर, अंजनगाव, अचलपूर, परतवाडा, आणि थंडी पडली की वर मेळघाटात सेमाडोहपर्यंत. कुठे बसनं, कुठे पायी. चाळीस वर्षं हीच वाट. पहिल्याच फेरीत दर्यापूरकडच्या एका म्हातारीनं त्याला हे फळ खायला दिलं आणि म्हणाली, घे, चिरबोटी खा. त्याच्या घरी याला मकोय म्हणत. एकाच फळाला दोन नावं कशी, याचं त्याला इतकं नवल वाटलं की पुढच्या गावात त्यानं विचारलं. तिथे तिसरंच निघालं. मग सवयच लागली.

नावाबरोबर तो नावाची गोष्टही मागायचा. पोपटी कशामुळे? कोणी म्हणे रंग पोपटासारखा म्हणून, कोणी म्हणे पोपट टोचून खातात म्हणून, आणि एका मास्तरांनी सांगितलं होतं की फुगा फुटताना पट असा आवाज होतो त्यावरून. चिरबोटीचं तर भांडणच होतं. बोट चिरतं म्हणून चिरबोटी, असं एक बाई ठासून सांगायची, पण त्या झुडपाला काटा नाही की धार नाही. चाचाला पटलेली गोष्ट वेगळी होती. वरच्या मुलखातून आलेल्या एका फकिरानं त्याला सांगितलं होतं की हे मूळचं चिरीपोटी, म्हणजे चिमणीची पोटली. "पोटलीत दाना बांधून चिमनी इसरून गेली," असं म्हणून तो टरफल उघडून दाखवायचा. खरं-खोटं मला आजही माहीत नाही.

याच फळाला कुठे कपाळफोडीही म्हणतात हे ऐकून मी त्याला अडवलं होतं. कपाळफोडी हा वेगळा वेल आहे, त्याच्या काळ्या बीवर पांढरा बदाम असतो, हे मी पुस्तकात वाचलं होतं. चाचा म्हणाला, "हाय ना. पन पोट्टे हे बी कपाळावर आपटून फोडते. एका नावाच्या दोन बाया असल्या तं दोघींले एकच समजतं का तू? चेहरा पाहा लागते."

एकच नाव तो सांगत नसे. सेमाडोहच्या एका कोरकू बाईनं सांगितलेलं. मी खूप आग्रह केला. "थे माह्या तोंडात नीट बसत नाई," तो म्हणाला. "वाकडं करून सांगन्यापरीस न सांगतलेलं बरं. तुले पायजे असन तं तिले जाऊन इचार."

पुढे शिक्षण संपलं आणि मला अकोल्यातच एका सरांच्या हाताखाली वर्षभराचं काम मिळालं. वऱ्हाडातल्या तणांच्या स्थानिक नावांची सूची करायची होती. मला पहिली आठवण चाचाची झाली. त्या वर्षी तो गाद्यांसाठी आला तेव्हा मी त्याला सरांकडे घेऊन गेले. सरांनी त्याला खुर्ची दिली, चहा दिला, सगळं ऐकून घेतलं आणि शेवटी विचारलं, "पण चाचा, यातलं खरं नाव कुठलं?"

चाचानं बशी खाली ठेवली. "साहेब, झाडाले कोनी हाक मारत नाई. थे कुठं 'ओ' देते? नाव बोलनाऱ्याच्या कामाचं असते. ज्याच्या कामाले आलं थे खरं."

सरांना ते आवडलं. तरी सूचीच्या तक्त्यातला नावाचा रकाना अरुंदच राहिला.

नावं गोळा करायला मी चाचाबरोबर अंजनगाव सुर्जीला गेले. ती वर्षं वाईट होती, शेतकऱ्यांच्या आत्महत्यांची. कागद-पेन घेऊन आलेल्या माणसाला गावं विटली होती. कोण गेलं, कसं गेलं, शेत कोणाच्या नावावर, मुलं किती, तेच ते प्रश्न घेऊन आज हे येत, उद्या ते येत. आम्ही माळ्यांच्या आळीत पोचलो तेव्हा चार-पाच बायका ओट्यावर मेथीच्या जुड्या बांधत होत्या. माझ्या हातातली वही पाहताच त्या गप्प झाल्या. एक म्हातारी म्हणाली, "बाई, मागच्या हप्त्यात सारं सांगतलं आमी. आता काय राह्यलं?"

मी वही पिशवीत घातली. चाचा खाली बसला, खिशातलं फळ ओट्यावर ठेवलं आणि म्हणाला, "गेलेल्याचं इचाराले नाई आलो, माय. याचं नाव सांगा."

क्षणभर त्यांना कळेना. मग एक हसली, मग दुसरी. एक म्हणाली पोपटी, परतवाड्याहून सून होऊन आलेली म्हणाली चिरबोटी, आणि दोघींची जुंपली. लहानपणी कोणी किती खाल्ल्या, कोणाचं पोट दुखलं, कोणाच्या कपाळावर कोणी फोडल्या, सगळं निघालं. मेथी बाजूलाच राहिली. कुणीतरी मला जवळ सरकून जागा दिली.

तिशीची एक बाई मात्र खाली मान घालून जुड्या बांधत होती. चाचानं विचारलं, "तू कावून चुप वं?"

"आमच्या घरी कागदी मन्तात," ती म्हणाली.

हे नाव मी कुठेच ऐकलं नव्हतं. मला इतका आनंद झाला की मी वही पुन्हा बाहेर काढली. "कागदी? पण इथं तर सगळे पोपटी म्हणतात. तुम्ही पोपटी म्हणतच नाही का?"

तिनं पुढची जुडी उचलली.

"कधीच नाही म्हटलं?"

म्हातारीनं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "तिच्या घरधन्याचं नाव होतं थे, पोपट. कसं घेईन ती?"

ती लग्न होऊन आली तेव्हा सतरा वर्षांची होती. पहिल्याच दिवाळीत मळ्यातून ओटीभर फळं घेऊन आली. सासूनं विचारलं, काय आणलं वं? नवऱ्याचं नाव तर घ्यायचं नाही. तिनं सांगितलं, थे कागदात गुंडाळल्यावानी असते ना, थे. तेव्हापासून घरात कागदी. नवराही चिडवायला कागदीच म्हणायचा. मग मुलं म्हणायला लागली, मुलांचे सवंगडी म्हणायला लागले, आणि आता अर्धी आळी कागदी म्हणते. म्हातारी हे सगळं रंगून सांगत होती. तिचं "होतं" माझ्या कानांत मग उतरलं. आदल्या पावसाळ्यात वांग्याला पाणी देताना त्याला साप चावला होता. त्या दिवसांत शेतकरी कशानंही गेला तरी दारात चौकशीचे कागद येतच. तिच्याही दारात आले होते.

"तलाठी आला, तालुक्याचे आले, पेपरवाले आले," ती जुडीला सुतळी आवळत म्हणाली. "नाव सांगा, नाव सांगा. माह्या तोंडून नाई निंगालं. दर खेपी या बुढीनंच सांगतलं."

हातातलं पेन लपवावंसं वाटत होतं. चाचाच म्हणाला, "लिही बेटा. आळीतले पोट्टे मन्तात, तं नाव झालं थे." मी लिहिलं, कागदी.

परतीच्या बसमध्ये दर्यापूर आल्यावर चाचा म्हणाला, "तिले चुप राहाचं होतं. तू दोनदा इचारलं. एकदा इचारलं का थांबाव. सांगाचं असन तं मानूस सांगतेच." रागावून नाही म्हणाला. एखाद्या नव्या कारागिराला तार कुठे धरायची हे दाखवावं तसं म्हणाला.

सूची छापायला जाण्याआधी सरांनी माझी पानं तपासली आणि कागदीवर लाल रेघ मारली. "एका घरातलं नाव स्थानिक नाव होत नाही," ते म्हणाले. ते वाईट नव्हते. पानं मोजकी होती, आणि शास्त्राच्या बाजूनं पाहिलं तर त्यांचं चुकलंही नव्हतं. मला सांगता आलं असतं की ते आता एका घरातलं नाही, अर्ध्या आळीचं आहे. मी सांगितलं नाही. नोकरीचे दोन महिने उरले होते आणि पुढच्या कामासाठी मला त्यांचं पत्र हवं होतं.

त्या आठवड्यात चाचा घरी आला तेव्हा मी त्याला हे सांगितलं. आईनं चहा टाकला होता. तो होईपर्यंतही चाचा थांबला नाही. पिंजण खांद्यावर घेतलं आणि गेला.

पुढच्या दिवाळीनंतर तो आला नाही. त्याच्या पुढच्याही. मला वाटत राहिलं, माझ्यावर रागावलाय. तिसऱ्या वर्षी सूची छापून हातात आली. बाजारातल्या एका गादीवाल्यानं सांगितलं की चाचा आता परतवाड्याला मुलीकडे असतो. मी पुस्तक घेऊन गेले.

तो खाटेवर बसून होता. आयुष्यभर नाकात गेलेली कापसाची धूळ आता छातीत घरघरत होती. पिंजण विकून टाकलं होतं. "फोमच्या गाद्या आल्या," तो म्हणाला. "फोम पिंजाले काय हाय?" माझ्यावर राग धरला होता का, हे मी विचारलंच. त्यानं हात हलवला. "दम लागून राह्यला होता, बेटा. राग कायचा."

त्याची मुलगी म्हणाली, अब्बांना चिरबोटी खावीशी वाटली म्हणून ती कार्तिकात तीन वावरं हिंडली. निंदणाला बाया मिळत नाहीत म्हणून सगळ्यांनी तणनाशक मारलेलं. शेवटी कालव्याच्या पलीकडे पडीक जागेत एक झुडूप सापडलं, त्यावर पाच फळं होती.

त्याला मराठी वाचता येत नसे. मी ते पान वाचून दाखवलं. पोपटी, चिरबोटी, आणि कंसात मकोय. एवढंच. त्यानं डोळे मिटून ऐकलं.

"चांगलं छापलं," तो म्हणाला. मग पानावर हात ठेवून, "लोकं कुठं गेले?"

"कोणते लोक?"

"दर्यापूरकडची बुढी. थे सेमाडोहची बाई. अंजनगावची पोरगी. नावं दिसून राह्यले, मननारे नाई दिसत."

मी कागदीबद्दल माफी मागितली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मोठ्यानं सांगितलं की मी सरांना बोलू शकले असते आणि बोलले नाही. तो खोकला, पाणी प्यायला. "माफी मले कावून मांगून राह्यली? मी तं इचारनारा होतो. देनारी थे हाय."

उन्हाळ्यात त्याच्या मुलीचा फोन आला. सकाळच्या चहानंतर तो गेला होता, खाटेवरच, बोलता बोलता.

पाऊस उघडल्यावर मी अंजनगावला गेले. त्या आळीत चाचाची बातमी कोणी पोचवली असेल असं मला वाटेना, आणि ती सांगणं माझं काम होतं. ती बाई मळ्यात भेटली. आता वांग्यांबरोबर झेंडूही लावला होता. मी सांगितल्यावर ती बांधावर बसली, पदरानं तोंड पुसलं. "मानसासारखा मानूस होता," म्हणाली. "सारे इचारून गेले, पन त्यानं इचारलं तं बोलावसं वाटलं."

मी तिला पुस्तकाचं सांगितलं. नाव काढलं गेलं, मी गप्प बसले, सगळं. मला वाटलं होतं तिला वाईट वाटेल, पण ती नुसती माझ्याकडे पाहत होती.

"आता मी माझी वेगळी वही करतेय," मी म्हणाले. "प्रत्येक नावापुढे ते कोणी सांगितलं ते लिहिणार आहे. तुमचं लिहू का?" आणि या वेळी एकदाच विचारून थांबले.

तिनं झेंडूची दोन वाळकी पानं खुडली.

"लिहा," ती म्हणाली. "पन अमक्याची बायको असं नका लिहू. माहं नाव लिहा. एवढे कागदवाले येऊन गेले, माहं नाव कोनी इचारलं नाई. वच्छला."

मी बांधावर तिच्याशेजारी बसले, मांडीवर वही उघडली आणि लिहिलं. तिला वाचता येत होतं. तिनं वही हातात घेऊन अक्षर नीट पाहिलं, आणि मग परत दिली.