नळावरच्या निबंधाचा शेवट

निबंधाचा शेवट कसा करावा, हे आमच्या प्राध्यापकानं गिरगावातल्या कॉलेजात तासभर शिकवलं होतं. सुरुवातीला म्हटलं तेच वेगळ्या शब्दांत म्हणायचं, नवं काही काढायचं नाही, आवाज चढवायचा नाही. वर्ग माना डोलवत होता. त्या माणसाला अहोजाहो करायला माझी जीभ आता वळत नाही आणि मी ती वळवणारही नाही.

समाजशास्त्राचा तो निबंध चांगला उतरला तरच तो मला एम.ए.साठी शिफारस देणार होता. शिफारशीशिवाय प्रवेश नव्हता. भोईवाड्यातल्या आमच्या घरात मॅट्रिकच्या पुढे गेलेली मी पहिली. पुढे शिकणं जमलं नाही तर लग्न, हे वडिलांनी स्वच्छ सांगून ठेवलं होतं.

विषय मी घेतला आमच्या वाडीतला नळ. दोन चाळींत मिळून एकच. आम्ही बौद्ध झालो होतो, पण नळाला ते कुणी कळवलं नव्हतं. समोरच्या चाळीतल्या बायकांचे हंडे भरेपर्यंत माझी आई बाजूला उभी राहायची. चुकून आमचा हात आधी लागलाच, तर नळ राखेनं घासून घ्यायच्या. संध्याकाळी संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चात त्याच बायका आईचा हात धरून चालायच्या. तिथे हात चालायचा.

राहिला शेवट. माझ्या कानावर आजवर शेवट म्हणून काही पडलं असेल, तर ते सभेतले ठराव. लाऊडस्पीकर आमच्या खिडकीसमोरच बांधलेला असायचा. मला वाटलं, शेवट असाच करतात. मी लिहिलं, ‘सबब हा निबंध असा ठराव करतो की, नळावर जो आधी येईल तो आधी भरेल.’ तेही इंग्रजीत.

प्राध्यापकानं ते वर्गात वाचून दाखवलं आणि अनुमोदन कोण देतंय, असं विचारलं. मेले पोट धरधरून हसले. हाच माणूस रविवारी गिरगावात संयुक्त महाराष्ट्राच्या सभेत टेबलावर मूठ आपटून ठराव मांडायचा, तेव्हा कुणाला हसू फुटत नव्हतं.

भाषा मी सुधारली. ठराव काढला, म्हणणं ठेवलं. तेही त्यानं तांबड्या शाईनं खोडलं आणि आपलं वाक्य घातलं, की चळवळीच्या ओघात हे भेद मावळत चालले आहेत. कुठे मावळले? याच्या दिवाणखान्यात? आमच्या वाडीत त्यानं कधी पाऊल टाकलं नव्हतं.

मी तणतणत त्याच्या खोलीत गेले. त्यानं मला शांतपणे समजावलं, की राज्य मिळायच्या घडीला आपल्यातली फूट चव्हाट्यावर आणणं शहाणपणाचं नाही. शिफारशीचा कागद टाइप होऊन टेबलावर पडला होता. पेन उघडून तो म्हणाला, “निष्कर्ष बदला, मी सही करतो.”

“तुम्ही नळावरची रांग बदला,” मी म्हणाले, “मी निष्कर्ष बदलते.”

त्यानं पेनाला टोपण लावलं. निबंध मी माझ्याच शेवटासकट दिला आणि वडिलांनी वैशाखात माझं लग्न लावून दिलं. एवढ्या वर्षांनी राग कशाला धरायचा, असं मुलं विचारतात. मला शिकायचं होतं, म्हणून.