दिवे गेले तेव्हाची देवयानी

विझवलेल्या मेणबत्तीचा वास आला की जुईनगरमधली ती संध्याकाळ आठवते. लाइट गेली आणि बाबांचं ऑक्सिजनचं मशीन बंद पडलं. सिलिंडरवाला फोन उचलत नव्हता. "कुठवर गेलीय, गच्चीवरून बघून ये," आई म्हणाली. वर गेलो तर थेट खाडीपर्यंत काळोख, आणि महाश्व तारकासमूहाच्या चौकोनापलीकडे, बाबा नेहमी बोट दाखवायचे तिथेच, देवयानी दीर्घिकेचा पुसट ढग. शहराच्या उजेडात आम्हा दोघांना ती इतक्या वर्षांत एकदाही सापडली नव्हती. मी कठडा घट्ट धरून ती दिसेनाशी होण्याची वाट बघत राहिलो. शेवटी दिवे लागले, ती पुसली गेली, मी खाली धावलो. मशीन घरघरत होतं. बाबांनी मास्क जरा सरकवून विचारलं, "दिसली?" हल्ली लाइट गेली की मी घरातच बसून राहतो. वर जाऊन दिसली, तरी सांगणार कुणाला.