तेलाच्या डब्याचं चिलखत

माझं लग्न ठरलं तेव्हा मुलाला काही नाद आहे का, याची माझ्या वडिलांनी कसून चौकशी केली होती. दारू नाही, पत्ते नाहीत, तंबाखूसुद्धा नाही, असं सगळीकडून कळलं. ते खरंही होतं. लोखंडी कपडे घालून एकमेकांना भोसकणाऱ्या माणसांचे सिनेमे हाही नाद असू शकतो, हे वडिलांना सुचणं शक्यच नव्हतं. मी कळंबहून डिंगोऱ्याला नांदायला आले आणि पहिल्याच आठवड्यात मला ते कळलं.

आमच्या ह्यांचं ओतूरला दुकान होतं. विहिरीवरच्या जळालेल्या मोटारींत नवी तार भरून द्यायचे. घरी येताना मागच्या कॅरिअरला भाजीच्या पिशवीऐवजी भाड्याच्या सीडीची पिशवी असायची. सिनेमा कुठलाही आणला तरी गोष्ट तीच. एक भला माणूस गुलाम होतो, त्याला वाळूच्या गोल रिंगणात सोडतात, वर राजा द्राक्षं खात बसलेला असतो, त्यानं अंगठा खाली केला की हरलेल्याला मारायचं, आणि भोवती बसलेले लोक "मारो, मारो" ओरडत असतात. सगळे गोरेपान, पण हिंदीत डब केलेले, म्हणून भांडायचे टीव्हीवरच्या हिंदी मालिकेसारखे. जेवणं झाली की हे टीव्हीपुढे अशी मांडी घालून बसायचे, की तेवढ्या भक्तीनं ते सत्यनारायणालाही बसले नाहीत.

घरातले बाकीचेही बघायचे, कारण टीव्ही एकच होता. सासरे तरुणपणी पैलवान. कुस्तीनं कान चुरगळलेले, मान अजून खांबासारखी. पडद्यावरचे दोघे तलवारी घेऊन गोल गोल फिरायला लागले की त्यांना दम निघायचा नाही.

"अरं, पाय मोकळा हाय त्याचा! तलवार टाक आन् पट काढ!"

"दादा, त्यांच्यात पट काढत न्हाईत," हे म्हणायचे.

"मग काय करत्यात? नुसताच पत्रा वाजवत्यात?"

सासूबाईंची अडचण वेगळी होती. एकदा रिंगणात ओळीनं पोरं पडली, तेव्हा त्यांनी निवडायचं ताट खाली ठेवलं आणि विचारलं, "एवढी धडधाकट पोरं मरायला लागल्यात, यांच्या आया कुठं हायेत?" ह्यांनी टीव्हीचा आवाज वाढवला. सिनेमावाल्यांनी याचं उत्तर दिलं नव्हतं.

फक्त रथांची शर्यत आली की सासरे खाटेवर उठून बसायचे. आमच्याकडे बैलगाडा म्हणजे जीव की प्राण. घाटात, म्हणजे शर्यतीच्या चढावर, बैलांच्या पुढं घोडी पळते. त्या शर्यतीकडे ते जाणत्या नजरेनं बघायचे. "गाडा बरा हाय," एकदा ते म्हणाले, "पर घाट सपाट केलाय. चढ पाह्यजे. आन् पुढं घोडी कुठंय?"

आता माझ्या भावाचं सांगते. तो माझ्यापेक्षा धाकटा, मंचरला ट्रॅक्टरच्या गॅरेजात कामाला. माझ्या लग्नात वरातीची जीप त्यानं स्वतः दुरुस्त करून आणली होती आणि ती ऐन वेशीत बंद पडली. ह्यांचा एक मित्र म्हणाला, "पावण्यांनी जीप ढकलायला दिलीय, बसायला न्हाई." बोलला मित्र, पण हसले हे. ते हसणं भावाला लागलं. तेव्हापासून तो भाऊबीजेला यायचा, खुर्चीच्या कडेवर टेकायचा, पाणी प्यायचा आणि एसटीची वेळ सांगून निघायचा. हे त्याला "बसा की" म्हणायचे, तो "नको, उशीर व्हतोय" म्हणायचा. यापलीकडे दोघांचं बोलणं नव्हतं. माझा जीव मधल्या मधे कोंडायचा. आईला वाटायचं मी भावाला जेवायला आग्रह करत नाही, सासूबाईंना वाटायचं आमच्या घरचं अन्न त्याला चालत नाही.

एका रविवारी तो आईनं दिलेल्या कुरडया पोचवायला आला. टीव्ही चालू होता. तो नेहमीसारखा कडेवर टेकला. पडद्यावर एक सरदार गुडघ्यावर बसून राजापुढं वाकला.

"हे चिलखत खोटं हाय," भाऊ म्हणाला. कुणाला उद्देशून नाही, असंच.

ह्यांनी मान वळवली. "कसं काय?"

"वाकला तेव्हा कमरंत घडी पडली. पत्र्याला घडी पडल का? रबर हाय ते. वरून रंग मारलाय."

ह्यांचा चेहरा असा झाला, जणू कुणी सांगितलं की देव्हाऱ्यातला टाक चांदीचा नाही. मग ते रिमोट घेऊन सीडी मागं नेऊ लागले. सरदार पुन्हा वाकला. पुन्हा मागं. पुन्हा वाकला. दोघं टीव्हीला नाक लावून बसले.

"हाय राव, घडी हाय," हे हळूच म्हणाले. "पावणं, तुमी पण बघता काय असले?"

"मंचरला व्हिडिओ सेंटर व्हतं तवापासून, दाजी. एक सोडला नाय."

त्या दिवशी भाऊ जेवला. मुक्काम केला. कड्यांचं चिलखत चांगलं की पत्र्याचं, यावर त्यांचं जे सुरू झालं, ते दुसऱ्या दिवशी चहापर्यंत संपलं नाही. मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू. महिन्याभरानं त्या आनंदाला थोडा तडा गेला, कारण आता तो दर रविवारी यायचा आणि दारातून विचारायचा, "ताई, दाजी हायेत का?" मी नाही म्हटलं असतं तर बहुतेक परत गेला असता.

चैत्रात आमच्या गावची जत्रा असते. पहिल्या दिवशी गाडे, दुसऱ्या दिवशी दुपारनंतर कुस्त्यांचा आखाडा. या दोघांनी ठरवलं की आखाड्यात, मोठ्या कुस्त्यांच्या आधी, आपण चिलखत घालून तलवारीची लढत दाखवायची. आखाडा सासऱ्यांच्या देखरेखीखाली. ते नाहीच म्हणतील असं मला वाटलं होतं. पण ते म्हणाले, "दाखवा. लोक तरी हसतील. पर मातीत चपला घालून उतरायचं न्हाई."

मग घराची जी दशा झाली! रबराचं चालणार नव्हतं, घडी पडते ना. गावातून गोडेतेलाचे रिकामे डबे गोळा झाले. हे कापायचे, भाऊ ठोकायचा आणि रिबिटा मारायचा. सकाळपासून ठणठण. पत्रा अंगाला लागू नये म्हणून मी जुनी गोधडी फाडून आतून अस्तर शिवलं. पोटऱ्यांना पाण्याचा फाटका पाइप उभा चिरून बांधला. माझी अॅल्युमिनियमची पातेली शिरस्त्राणं झाली आणि पुरणाच्या पातेल्यांची झाकणं ढाली. सिनेमातल्या सरदाराच्या डोक्यावर लाल तुरा असतो, तो कुठून आणायचा? भावानं दोन नव्या केरसुण्या आणल्या आणि गुलालाच्या पाण्यात बुडवून पातेल्यांवर बसवल्या. आता सासूबाई काय म्हणतात म्हणून मी श्वास रोखून उभी. केरसुणीला पाय लागला तरी त्या नमस्कार करायला लावायच्या.

त्यांनी वाकून केरसुणीला हात लावला आणि नमस्कार केला. "लक्ष्मीच हाय," त्या म्हणाल्या. "डोक्यावर घेतली, बरंच झालं."

सगळं तयार झालं आणि मग मुद्दा निघाला की हरणार कोण.

"तुमीच मारा मला, दाजी," भाऊ म्हणाला. "मी पडतो. जावयाला पाडून मी कळंबला तोंड कसं दाखवू?"

"आन् आलेल्या पावण्याला आमच्या गावात आमी पाडायचं? लोक शेण घालतील तोंडात."

"सिनेमात एक तरी मरतोच की."

"सिनेमात ते एकमेकांचे सोयरे नसत्यात."

मी भाकरी थापता थापता ऐकत होते. राजानं अंगठा खाली केला तरी इथं कुणी कुणाला मारणार नव्हतं. शेवटी ठरलं, की आधी लढायला लागू, मग बघू.

जत्रेच्या दुसऱ्या दिवशी ऊन असं होतं की आखाड्याची माती तापून चटका देत होती. हलगी वाजायला लागली आणि हे दोघे बाहेर निघाले. बायकांच्या घोळक्यात मी होते. पहिल्यांदा कुत्री भुंकली. मग एका गाड्याच्या बैलानं त्या झगमगाटाकडे बघून दावं ओढलं आणि त्याच्या मालकानं दोघांना लांबून जायला सांगितलं. ह्यांच्या छातीवर तेलाच्या कंपनीचं चित्र पत्रा उलटा करून आत घेतलं होतं, पण पाठीवर ते राहूनच गेलं होतं. त्यामुळे समोरून सरदार आणि मागून भुईमुगाची शेंग, असे हे आखाड्यात उतरले.

शेजारच्या म्हातारीनं मला ढोसलं. "यातला तुझा कंचा गं?"

"दोन्ही."

"दोन्ही कसं?"

"एक नवरा, एक भाऊ."

"आगं बया! मग तू काय करणार?"

मलाही तेच कळत नव्हतं. लाकडी तलवारी झाकणांवर आदळायला लागल्या. आवाज झकास होता. लोकांनी शिट्ट्या मारल्या. थोडा वेळ खरंच वाटलं की आता काहीतरी घडणार. पण हे वार करायचे ते ढाल बघून, आणि भाऊ वार झेलून "लागलं का, दाजी?" असं विचारायचा, ते पहिल्या रांगेपर्यंत ऐकू यायचं. मध्येच भावाचं पातेलं डोळ्यांवर घसरलं. त्याला दिसेना. लढाई असती तर तो तिथंच संपला असता. ह्यांनी आपली तलवार काखेत धरली, पुढं होऊन त्याचं पातेलं सरळ केलं, केरसुणी नीट केली आणि मागं सरून पुन्हा उभे राहिले. त्यावर जो हशा उठला, तो त्या आखाड्यात कधी उठला नव्हता.

"मारा राव कुणीतरी कुणाला!" मागून एकजण ओरडला.

कुणीच मारलं नाही. फिरत राहिले, वाजवत राहिले. पत्रा आता तव्यासारखा तापला असणार, आणि आत माझी गोधडी. ह्यांचा चेहरा लाल झालेला मला दिसला, मग तो पांढरा झाला. तलवार हातातून गळली. हे गुडघ्यांवर आले आणि तसेच पुढं, पालथे, मातीत पडले.

लोकांना वाटलं हे नाटकातलंच. टाळ्या पडल्या. भावानं मात्र तलवार, ढाल, सगळं भिरकावलं आणि "दाजी, दाजी!" करत ह्यांच्याजवळ बसला. मी गर्दीतून वाट काढेपर्यंत सासरे तिथं पोचले होते. त्यांचे गुडघे गेले होते, घरात पाण्याचा तांब्या दुसऱ्यानं द्यावा लागायचा. ते कसे धावले मला अजून कळलं नाही. त्यांनी ह्यांना उठवून बसवलं, दातांनी चिलखताची सुतळी तोडली, भावानं छातीवरचा पत्रा उचकटला, कुणीतरी बादलीभर पाणी ओतलं. ह्यांनी डोळे उघडले.

"दाजी, बास करू," भाऊ रडवेला झाला होता. "तुमी जिकला. म्या हरलो."

ह्यांनी मान हलवली. पाणी प्यायल्यावर म्हणाले, "पडलो मी. पावणं जिकले."

तेवढ्यात पंच पुढं आले. कुस्तीत वीस वर्षं निकाल दिलेला माणूस, त्याला निकालाशिवाय आखाडा सोडवेना. "खाली कोण आलं? तोच हरला. हा गडी पडलाय."

तेव्हा सासरे उभे राहिले. ज्या माणसानं त्या सिनेमातल्या लढायांबद्दल एक शब्द चांगला काढला नव्हता, तो पंचांच्या तोंडापुढं बोट नाचवत म्हणाला, "पालथा पडलाय त्यो! पाठ लागलीय का मातीला? दाखव माती पाठीला! चितपट न्हाई झाला माझा पोरगा!"

पंचांनी वाकून ह्यांची पाठ बघितली. शेंगेला माती लागली नव्हती.

"बरोबरीत सुटली," त्यांनी जाहीर केलं. हलगी कडाडली. दोघांना फेटे बांधले, नारळ दिले, आणि मग खऱ्या कुस्त्या लागल्या.

संध्याकाळी ओसरीवर दोन खाटांवर दोघं पडले होते. अंगावर पत्र्यानं कापलेल्या रेघा. डॉक्टरांकडून धनुर्वाताची इंजेक्शनं घेऊन आले होते आणि सासूबाई वर हळदही लावत होत्या, कारण त्यांचा इंजेक्शनवर विश्वास अर्धाच होता. मी पुरणपोळ्या वाढल्या. सासरे मध्ये बसून दोघांच्या चुका सांगत होते. पाय कुठं टाकायचा, वजन कुठं घ्यायचं. ह्यांनी आणि भावानं एकदाही "त्यांच्यात तसं नसतं" म्हटलं नाही.

पुढच्या वर्षी लोकांनी पुन्हा विचारलं, पण दोघं चिलखत घालायला तयार झाले नाहीत. पत्रे गोठ्याच्या भिंतीला ठोकले गेले. सिनेमे मात्र चालूच राहिले. नंतर माझ्या भावाचं लग्न ठरलं, तेव्हा मुलीकडच्यांनी आमच्याकडे चौकशी केली, मुलाला काही नाद आहे का. ह्यांनी छातीवर हात ठेवून सांगितलं, "आजाबात न्हाई."

मी तिथंच चहाचा ट्रे घेऊन उभी होते. मुलीच्या आईकडे बघितलं, आणि सगळ्यात भरलेला कप तिच्यापुढं केला.