पडद्याकडे पाठ

देवधरकाका फिल्म बघायला बसायचे ते पडद्याकडे पाठ करून. लीड्समधल्या आमच्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये महिन्यातून एका रविवारी दुपारी ते युद्धानंतरच्या युरोपातल्या शॉर्ट फिल्म्स दाखवायचे. बहुतेकींत कुणीतरी स्वतःला संपवायला निघालेलं असायचं, कधी परतलेला सैनिक, कधी घर जळालेली बाई. आम्ही जीव मुठीत धरून पडद्याकडे बघायचो आणि काका आमच्याकडे.

काका रिटायर झालेले मनोविकारतज्ज्ञ. "अहो काका, तुम्हाला फिल्म दिसते तरी का?" मी एकदा छेडलं.

"पडद्यावरच्याला मी काय वाचवणार, गौरी? इथे कोण फार गप्प झालंय, तेवढं बघतो. त्याला चहाच्या वेळी डायरेक्ट विचारायचं. नो बीटिंग अबाउट द बुश."

आणि खरंच विचारायचे, हातात बाकरवडीची बशी धरून: "स्वतःला संपवायचे विचार येतात का?" नवी माणसं दचकायची. "विचारल्याने कुणी मरत नाही, उलट हायसं वाटतं," काका म्हणायचे. खरं सांगायचं तर आम्हाला ते जरा अतीच वाटायचं.

मग काकांच्या पत्नी, नलूकाकू, गेल्या. त्यानंतरच्या रविवारी काका वेळेवर आले, फिल्म लावली, आणि खुर्ची वळवून पडद्याकडे तोंड करून बसले.

कुणाच्या लक्षातही आलं नाही. माझ्या मात्र आलं. पडद्यावरचा माणूस अंगातला कोट काढून नीट घडी घालत होता, आणि काका त्याच्याकडे ओळखीच्या माणसाकडे बघावं तसे बघत होते. मला तिथून पळून जावंसं वाटलं. विचारलं आणि ते 'हो' म्हणाले तर?

मी माझी खुर्ची उचलून त्यांच्यासमोर ठेवली आणि पडद्याकडे पाठ करून बसले. "काका, स्वतःला संपवायचे विचार येतात का?"

काकांनी पडद्यावरची नजर काढून माझ्याकडे बघितलं.

"येतात गं," ते म्हणाले. "रोज. मला कुणी विचारलंच नाही."

त्या दिवशी मी त्यांना एकटं घरी जाऊ दिलं नाही. बेसिंगस्टोकहून त्यांची मुलगी आली, मग आम्ही तिघं मिळून जीपीकडे, त्यांच्या नेहमीच्या डॉक्टरकडे गेलो. "पेशंटची खुर्ची भलतीच अनकम्फर्टेबल असते," काका कुरकुरले, तेव्हा कुठे मला जरा धीर आला. आता ते मुलीकडेच असतात.

फोनवर विचारतात, "काल कोणती लावली होतीस? शेवट कसा होता?"

मला सांगता येत नाही. काकांच्या खुर्चीवर आता मी बसते, पडद्याकडे पाठ करून.