मुख्य फौज येईपर्यंत

जगात आजवर जेवढ्या लढाया हरल्या गेल्या, त्या सगळ्या माझ्या मामाआजोबांना न विचारता लढल्या गेल्या होत्या. निदान त्यांचं मत तसं होतं, आणि ते मत ऐकून घेतल्याशिवाय त्यांच्या घरी चहा मिळत नसे. मामाआजोबा म्हणजे माझ्या आईचे मामा. फोंडाघाटच्या बाजारापासून आत वळलं की त्यांचा गाव लागतो. त्या गावात घरटी एक माणूस पलटणीत गेलेला. मामाआजोबा मात्र भरतीच्या मैदानावरूनच परत आले. उंची होती, छाती होती, दम तर घाट चढून वर भांडण करता येईल एवढा होता, पण पायाचे तळवे सपाट निघाले. सैन्याने त्यांना ठेवून घेतलं नाही म्हणून त्यांनीच सैन्याला घरी आणून ठेवलं. गावचे एक निवृत्त सुभेदार म्हणायचे, "आम्ही पलटणीत रवलो, पण पलटण ह्येच्या आंगात शिरली."

त्यातही सगळं सैन्य नव्हे. तोफखाना त्यांना गर्विष्ठ वाटे, घोडदळ खादाड, आणि रणगाडे म्हणजे लोखंडी म्हशी. त्यांचा सगळा जीव हलक्या पायदळात. पाठीवर ओझं कमी, पायाला वेग जास्त, रांग मोडून पसरायचं, आडोशाने पुढे सरकायचं, जोडीजोडीने लढायचं. अवजड चिलखतातल्या शिपायांना पळवून पळवून दमवणारे ग्रीसमधले भालाफेके त्यांना सख्ख्या नात्यातले वाटत. युरोपातल्या राजांनी जंगलातले शिकारी आणि वनरक्षक गोळा करून त्यांना हिरवे कपडे चढवले आणि फौजेच्या पुढे पसरून उभं केलं, ही हकिकत ते अशी सांगत, जणू ते कपडे स्वतः शिवून आले आहेत. आणि शेवटी गाडी कोकणातल्या हेटकऱ्यांवर यायची. शिवकाळातलं हे आपल्याकडचं बंदूकधारी पायदळ, नेमबाजीत अव्वल. "हेटकरी म्हणजे कोण गो? तुझो नि माझो पणजो!" मी पुरावा मागितला. "पुरावो? माझो नेम बघ," म्हणून त्यांनी गलोल ताणली आणि समोरच्या माडाऐवजी मामीआजीची पाण्याची घागर फोडली. मामीआजी आतून ओरडली, "शिरा पडो त्या पणज्यार!"

हे सगळं ज्ञान ते वापरत नसते तर गावाने ते खपवून घेतलं असतं. पण ते वापरत. लग्नाच्या वरातीत ते रांगेत चालत नसत. रांग म्हणजे तोफेचं जेवण, असं सांगून ते शेताच्या बांधावरून, झुडपांच्या कडेने वरातीला समांतर जात, आणि मांडवात सगळ्यांच्या आधी पोचून वरपक्षाला दचकवत. पंगतीत टोकाच्या पानावर बसत नसत, बगल उघडी पडते म्हणून. मुंबईला मुलाकडे पंधरा दिवस राहायला गेले ते एक पंचा आणि दाढीचं सामान घेऊन. सुनेने विचारलं, "बाबा, कपडे?" तर म्हणाले, "सामानाच्या ओझ्यान मोठी मोठी सैन्यां मेली."

माझं त्यांच्याशी जमायचं काहीच कारण नव्हतं. मी पत्रकांच्या घरातली. वडील मोर्च्यांसाठी पत्रकं लिहायचे, मी त्यांच्या पाठकोऱ्या बाजूवर अक्षरं गिरवली. वयाच्या विसाव्या वर्षी मी त्यांना ठणकावून सांगितलं, "मामाआजोबा, युद्ध म्हणजे गरिबांच्या पोरांनी श्रीमंतांसाठी मरणं."

"अगदी बरोबर आसा," ते म्हणाले. "म्हणान तर आडोसो घेवक शिकूचो."

त्यांचं खरं युद्ध सुरू झालं ते आजूबाजूच्या लोकांनी डोंगरउतार विकले तेव्हा. बाहेरच्या मंडळींनी उतारावरचं रान साफ केलं, तारेची कुंपणं घातली, प्लॉट पाडले. रानातल्या माकडांना कोणी नोटीस दिली नव्हती. ती सगळी खाली उतरली, आणि खाली न विकलेली एकच बाग उरली होती, मामाआजोबांची. काजू, आंब्याची कलमं, चार फणस. मी जमिनींच्या विक्रीवर एक जळजळीत पत्रक लिहून त्यांना वाचायला दिलं. त्यांनी ते दोनदा वाचलं. "झकास लिवलंस चेडवा. पण ह्यात शत्रू एकच आसा नि तो उघड्यार उभो आसा. असो शत्रू माका तरी कधी गावलो नाय."

त्यांना मिळालेला शत्रू झाडावर होता, आणि त्याच्याविषयी त्यांना नितांत आदर होता. एक माकड उंच फणसावर टेहळणीला, बाकीची पसरून, मधे अंतर राखून. गलोलीचा खडा आला की सगळी शिस्तीत मागे, आणि घटकाभराने दुसऱ्या बगलेवर हजर. "बघ, बघ! हेंका कोणी शिकवल्यान?" ते आनंदाने ओरडत, आणि तेवढ्यात दहा कैऱ्या जात. ते स्वतः मामीआजीबरोबर जोडी करून लढत. एकाने खडा मारायचा, तोवर दुसऱ्याने दुसरी गलोल भरून तयार ठेवायची. ऐन चकमकीत मामीआजी गलोल खाली ठेवून निघाली. "खंय चललंस? फळी फुटतली!" "फुटांदे. माझा सार उतू जाता थंय."

मी एकदा विचारलं, की रोज दहा कैऱ्या जातच असतील तर तुम्ही जिंकणार कधी? त्यावर ते पहिल्यांदा माझ्यावर रागावले. हलक्या पायदळाने जिंकायचं नसतंच, ते म्हणाले. त्याने पुढे जाऊन शत्रूला अडवून धरायचं, त्याचा वेळ खायचा, बस्स. "मुख्य फौज येयसर."

"आणि मुख्य फौज कोण?"

"माझो झील. मे म्हयन्यात येतलो. ह्या वक्ताक कायमचो."

मुलगा नोकरी सोडून गावी येणार, बाग हातात घेणार, असं फोनवर कधीतरी बोलणं झालं होतं. मुलगा ते सहज बोलून गेला असावा. मामाआजोबांनी तो हुकूमच मानला, आणि सबंध उन्हाळा त्या हुकुमावर काढला. एप्रिलमध्ये एका दुपारी माकडांच्या मागे धावताना ते गडग्यावरून घसरले, आणि त्या दगडी कुंपणापलीकडे उन्हं कलेपर्यंत पडून राहिले. मामीआजीला वाटलं, दबा धरून बसलेत. पाय मुरगळला होता. पुढचे आठवडे ते काठी टेकत लढले.

मे महिन्यात मुलगा आला. मी तिथेच होते. मामाआजोबांनी इस्त्रीचा सदरा घातला होता. लंगडत लंगडत त्यांनी मुलाला सगळी बाग फिरवून दाखवली, कुठलं कलम वाचलं, कुठलं गेलं, माकडं कुठून येतात, उन्हात कुठे उभं राहायचं. मुलगा मान हलवत होता. शेवटच्या काजूखाली तो थांबला.

"बाबा, मी ह्या जमिनीचो व्यवहार ठरयलंय."

मामाआजोबांनी काठी दुसऱ्या हातात घेतली.

"तुमी दुपारभर गडग्याखाली पडलास. माका तां तिसऱ्या दिवशी कळला. परत पडलास तर? मी थंयसून किती येळा धावत येव?" मला त्याचा राग आला, आणि त्याचं म्हणणं खोटं नाही याचा त्याहून जास्त राग आला.

मामाआजोबांनी एकदा उताराकडे बघितलं. मग म्हणाले, "बरां." आणि वाटेवरून दोन पावलं बाजूला झाले, मुलाला जायला जागा दिली.

संध्याकाळी मी त्यांच्यावर तुटून पडले. सही करू नका, हरकत घ्या, मी लिहिते, मी लोक गोळा करते. त्यांनी मला बोलू दिलं. मग काठी भिंतीला टेकवत म्हणाले, "मुख्य फौज इली की हलक्या पायदळान बाजूक होवचां. नियम आसा."

"पण ती फौज विकायला आली!"

"ता माका दिसला गो. पण आपल्याच फौजेर गोळी घालूची नसता."

त्यांनी सही केली. घर आणि समोरचं खळं, म्हणजे अंगण, तेवढं राखलं. पुढच्या उन्हाळ्यात मी गेले तेव्हा कलमं नव्हती, फणस नव्हते, तारेपलीकडे तांबडी माती उघडी पडली होती. माकडं घराच्या कौलांवर बसली होती, आणि कौलं फुटल्याचा आवाज येत होता. मामाआजोबा खळ्यात खुर्ची टाकून बसले होते.

"हाकलू का?" मी विचारलं.

"कित्याक? बसांदेत. ती खंय जातली आता?"

मामीआजीने बाजारातून विकत आणलेला फणस फोडला, अर्धा आमच्यासाठी ठेवला आणि अर्धा माकडांसाठी खळ्याच्या कडेच्या भिंतीवर नेऊन ठेवला. काही वेळाने पोटाशी पिल्लू धरलेली एक माकडीण घाबरत घाबरत उतरली. तेवढ्यात फोन वाजला. मुलाचा होता, रविवारचा. मामाआजोबांनी फोन कानाला लावला. पलीकडून तो काय सांगत होता ते मला ऐकू आलं नाही. ते नुसते हं, हं करत होते, डोळे त्या पिल्लावर. मग आवाज अगदी खाली आणून, पिल्लू बिचकू नये म्हणून की आणखी कशाने, त्यांनी विचारलं, "जेवलंस काय रे?"