महाराजांचा फ्रीज

आईने इन्सुलिन बंद केलं तेव्हा तिच्या उजव्या पायाच्या अंगठ्याला जखम होती. अंबडच्या डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, असंच चाललं तर पाय कापावा लागेल. आई म्हणाली, "म्हाराजांनी सांगितलंय, सुई सोड. माझ्या हातचा पेढा खा, साखर उतरंल."

महाराजांचा मठ शहागडच्या अलीकडे, हायवेला लागून. ते इतकं हळू बोलत की मागच्या रांगेतले लोक खोकलाही दाबून धरत. दर गुरुवारी मधुमेहवाल्यांना ते स्वतः पेढा भरवत. मी वार्ताहर. पुरावा दाखवला की माणूस मानतो, असा माझा समज होता.

एका गुरुवारी आईसोबत गेलो. मठाच्या स्वयंपाकघरात पाणी मागितलं. सेवेकऱ्याने फ्रीज उघडला. दुधाच्या पिशव्यांमागे इन्सुलिनची पेनं होती.

"कुणाची?"

"म्हाराजांची," तो सहज म्हणाला. "सकाळ-संध्याकाळ घेतेत."

एक पेन उचलून मी मंडपात आलो आणि सगळ्यांसमोर ते वर धरलं. ते कुणाचं आहे, हेही सांगितलं. महाराजांनी डोळे मिटले. मग पहिल्या रांगेतले निवृत्त हेडमास्तर उठले.

"बघा! आपली सगळ्यांची साखर यांनी अंगावर घेतली. आपण पेढे खाऊन राह्यलो, अन् सुया हे टोचून घेऊन राह्यले!"

बायका रडू लागल्या. आईनेही डोळ्यांना पदर लावला. महाराजांनाही हे नवीन असावं, पण त्यांनी सावकाश मान डोलावली. एक जण माझ्या पाया पडला. "भाऊ, तुमच्यामुळं कळलं."

घरी आल्यावर मी आईचं बंद पडलेलं पेन काढून तिच्यासमोर बसलो. सुई टोचल्याशिवाय आज उठायचं नाही, एवढं मी ठरवलं होतं.

"आई, त्यांना किती सुया लागत असतील?"

"लई."

"मंग तुझी तू घे. तेवढा भार कमी."

तिने थोडा विचार केला. "हे आधी न्हाई का सांगायचं?" म्हणाली आणि पोट पुढे केलं. मी पेन फिरवून डोस लावत होतो. "थोडं जास्ती भर. त्यांना जल्दी आराम पडंल."

तेव्हापासून पेन माझ्याच खिशात असतं. बातमीसाठी भोकरदनला गेलो तरी सुईच्या वेळेला घरी पोहोचतो. जखम भरत आली आहे. ती रोज जास्त मागते. डॉक्टरांनी लिहून दिलंय तेवढंच मी देतो.

"कंजूष हाय, बापावर गेलाय," असं शेजारणीला सांगत ती पदर बाजूला करते.