तुळशीपाशी पालथी ठेवलेली शिळा

ठाण्यात येऊन लोक रडतात, भांडतात, खोटं बोलतात. आल्या आल्या मुंशीला, म्हणजे ठाण्याच्या कारकुनाला, दटावून खुर्ची मागणाऱ्या बाई मात्र मी एकच पाहिल्या, म्हणून ते प्रकरण अजून जसंच्या तसं डोळ्यांपुढे आहे.

मी तेव्हा हिंदी मुलखातल्या एका शहरात, महाराज बाड्याजवळच्या ठाण्यात टी.आय., म्हणजे ठाण्याचा प्रमुख होतो. या बाई बिर्ला नगरच्या. सगळे त्यांना काकू म्हणत. यजमान गिरणीत होते. ते गेल्यावर काकूंनी एका मराठी शाळेला त्यांच्या स्मरणार्थ एक खोली बांधून दिली आणि दारावर त्यांच्या नावाची संगमरवरी शिळा बसवली. पुढे खोलीचं छत गळायला लागलं. दुरुस्तीसाठी वर्गणी झाली, पण छत गळतच राहिलं. मुलं व्हरांड्यात बसू लागली आणि दर्पण कॉलनीत शाळेच्या सचिवांच्या घराला मात्र नवी फरशी आली.

काकू कोर्टात गेल्या. सचिवांच्या वकिलांनी विचारलं, या बाई कोण? ना पालक, ना संस्थेच्या सभासद. खोली दिल्याचा पुरावा काय? पावती सापडेना, आणि शिळा दुरुस्तीच्या नावाखाली कधीच उतरवलेली. शाळेशी संबंध सिद्ध होत नाही म्हणून दावा फेटाळला गेला. न्यायाधीशांना तरी बोल कसा लावणार? कुणीही उठून कुणावरही दावा ठोकू लागला तर कोर्ट चालायचं कसं!

आमच्या मुंशीनेही तेच विचारलं, "अम्मा, इस मामले में आपका क्या लेना-देना?"

"पहले कुर्सी दे, फिर बताती हूँ!" काकू कडाडल्या आणि माझ्याकडे वळल्या. "साहेब, कोर्टात विचारतात तुम्ही कोण, इथे पण तेच. यजमानांच्या खोलीची मी कोणीच नाही आहे का?"

मला हसू आलं. मी मुंशीला म्हणालो, दावा लावायला संबंध दाखवावा लागतो. गुन्ह्याची खबर रस्त्यावरून जाणारा माणूसही देऊ शकतो. लिही.

खबर लिहिली, पण हाती काही लागेना. मग संक्रांतीनंतर काकूच पुन्हा आल्या. त्यांची एक मैत्रीण सचिवांकडे हळदीकुंकवाला गेली होती. अंगणात तुळशीपाशी एक फरशी पालथी ठेवलेली होती. मैत्रीण तिच्यावर पाय ठेवणार तोच सचिवांच्या बायकोने दंड धरून तिला मागे ओढलं.

मी पंच घेऊन गेलो. सचिव ऐटीत म्हणाले, "बची हुई फरशी है, साहब."

मी मराठीत विचारलं, "मग तुळशीपाशी का? आणि पाय का लागू देत नाही?"

घरातल्या बायकांनी माना खाली घातल्या. सचिव पुटपुटले, "गेलेल्या माणसाचं नाव आहे हो त्याच्यावर. टाकणार कुठे?"

समाजाचे पैसे पचले, पण मेलेल्या माणसाच्या नावाला पाय लावायची छाती झाली नाही. शिळा उलटली, नाव वाचलं, पंचनामा केला. त्या अंगणात ते बरंच काही बोलले. पोलिसांपुढची कबुली कोर्टात चालत नाही, पण शिळा आणि पंचनामा चालतो. घरच्या नव्या फरशीचे पैसे वर्गणीतून आले, या फरशीवाल्याच्या जबाबाने उरलेलं काम केलं.

काकूंनी ही गोष्ट ऐकून आधी विचारलं, "तुळशीजवळ ठेवलं होतं ना? मग चांगलंच ठेवलं म्हणायचं."

कोर्टाच्या हुकमाने शिळा सुपुर्दनाम्यावर, म्हणजे मागतील तेव्हा हजर करायच्या अटीवर, काकूंना मिळाली. त्यांनी नव्याने दावा लावला आणि त्याच्या सुनावणीला त्या ई-रिक्षात शेजारी ठेवून ती घेऊन आल्या. सचिवांच्या वकिलांनी पुन्हा तोच प्रश्न केला, "आपका इस संस्था से क्या संबंध है?"

काकूंनी पदराने शिळेवरची धूळ पुसली आणि तिच्यावर हात ठेवून म्हणाल्या, "ये मेरे आदमी हैं।"

या वेळी कोर्टाने दावा दाखल करून घेतला. छत झालं, मुलं आत बसली, शिळा दारावर चढली. संबंध सिद्ध करावाच लागतो, कायदा बरोबर आहे. पण ज्याच्याकडे पुरावा नसतो त्याचा संबंध नसतोच असं नाही, एवढं मी त्या प्रकरणातून शिकलो. शिकला आमचा मुंशीही. त्यानंतर कुणी म्हातारी दारात दिसली की तो आधी खुर्ची पुढे करायचा.